पाटीवर नाव कुणाचं?

ताई, नमस्कार.

मी नाशिकला सिडकोत राहतो. वय ४७. आयटीआय टर्नर. सातपूरच्या एका कंपनीत १९ वर्षं परमनंट होतो, शेवटची काही वर्षं व्हीएमसीवर, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणाऱ्या मिलिंग मशिनवर, जॉब लावून देणारा सेटर. कंपनीने प्लांट बंद करून हिशेब हातात दिला, त्याला अडीच वर्षं होतील. आलेले पैसे घराच्या कर्जात आणि वडिलांच्या दवाखान्यात गेले.

मिसेस आधीपासून ऑर्डरप्रमाणे पोळ्या करून द्यायची. कंपनी बंद झाल्यावर तिने इमारतीखालचा गाळा भाड्याने घेऊन पोळीभाजी केंद्र काढलं. पहाटे साडेचारला तिची भट्टी पेटते. आज ५२ डबे आहेत, दोन बायका कामाला आहेत, सगळं वजा जाता महिन्याला ३५ ते ४० हजार सुटतात. मी मदत करतो, म्हणजे बाजार आणि डबे पोचवणं. पण ताई, मला लाज वाटते. जुन्या कंपनीतले लोक राहतात त्या गल्लीत मी हेल्मेट काढत नाही. गिऱ्हाइकांचे पैसे माझ्याच गुगल पेवर येतात, तरी पेट्रोलला दोनशे रुपये घेताना तिला विचारतो आणि तेव्हा जीव नकोसा होतो.

गेल्या महिन्यात साडूच्या मुलीच्या लग्नात एकाने विचारलं, 'सध्या कुठे?' मी म्हणालो, 'कन्सल्टिंग करतो.' मिसेस शेजारीच उभी होती. तेव्हा काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी म्हणाली, 'डब्यांना मी एखादा पोरगा लावते. तुम्ही नका येऊ.' तेव्हापासून कामापुरतं बोलणं. मागे एकदा भांडणात 'घर मी चालवते' म्हणाली होती, तेही डोक्यातून जात नाही. आई म्हणते, बायकोच्या हाताखाली राबण्यापेक्षा वॉचमनकी बरी. मुलाने कॉलेजच्या फॉर्मवर वडिलांचा व्यवसाय 'खाजगी नोकरी' लिहिला. मी बघितलं आणि गप्प बसलो. रात्री दोनला जाग येते ती येतेच.

एका सिक्युरिटी एजन्सीने बोलावलंय. बारा तास, १४ हजार. घेऊ का? की केंद्राची चांगली पाटी करून त्यावर प्रोप्रायटर म्हणून माझं नाव टाकू, म्हणजे लोकांची तोंडं बंद होतील? पाटीचं अजून मिसेसला बोललेलो नाही.

— एक वाचक, नाशिक

भाऊ, नमस्कार.

एजन्सीला नाही म्हणून कळवा. पाटी जरूर लावा, पण प्रोप्रायटर म्हणून तुमचं नाव तिच्यावर घालू नका.

तुम्ही विचारलेल्या दोन प्रश्नांची ही उत्तरं. एका बाजूला १४ हजार आणि दुसऱ्या बाजूला तुम्ही केंद्रातून उठलात तर बाजाराला आणि डब्यांना जो माणूस ठेवावा लागेल त्याचा पगार, ही वजाबाकी तुम्ही मनात केव्हाच करून ठेवली असणार. मशिनवर आयुष्य काढलेल्या माणसाला ती मी करून दाखवायची गरज नाही. तरी तुम्ही विचारताय, म्हणजे ही नोकरी तुम्हाला पगारासाठी नकोच आहे. कुणी 'कुठे असता' म्हणालं की सांगायला एक ठिकाण हवंय. वॉचमनच्या कामात कमीपणा नाही, त्यावर कितीतरी घरं नेटाने उभी आहेत. पण फक्त चारचौघांना सांगण्यासाठी बारा तासांची ड्यूटी धरायची, घराचं उत्पन्न कमी करायचं आणि जिथे तुमची खरी गरज आहे तिथून उठायचं, हे मला पटत नाही.

आता लग्नाचं. तुम्ही ते चार ओळींत उरकलंय, पण तुमच्या घरात जे बिनसलं ते त्या मांडवात बिनसलं. म्हणून माझं बरंचसं बोलणं तिथलंच असणार आहे.

तुमच्या मते तुम्ही त्या वेळी काय लपवलंत? नोकरी गेल्याचं. तुमच्या डोक्यात तेवढंच होतं यावर माझा विश्वास आहे. पण शेजारी उभ्या असलेल्या बाईने काय ऐकलं ते बघा. रोज दोन-तीनशे पोळ्या करणाऱ्या बाईचे हात मी जवळून पाहिले आहेत. कणीक मळायला यंत्र आलं तरी उंडे हातानेच तोडायचे, तव्यावरची पोळी बोटांच्या टोकांनीच उलटायची, म्हणून टोकांची कातडी गुळगुळीत होऊन जाते. मनगटावर तव्याच्या कडेचे चटके असतात, एक बरा होतो तोवर दुसरा बसतो, आणि लग्नाच्या बांगड्यांखालीही ते झाकत नाहीत. ते हात घेऊन ती मांडवात तुमच्या शेजारी उभी होती. कुणीतरी विचारलं, काय करता, आणि तुम्ही असं उत्तर दिलंत की ज्यात ती भट्टी नव्हती, तो गाळा नव्हता, ते ५२ डबे नव्हते. अडीच वर्षं जे घर चालतंय ते कशावर चालतंय याचा त्या उत्तरात मागमूस नव्हता.

तुम्हाला स्वतःची लाज वाटत होती. तिला कळलं ते असं की तुम्हाला तिची लाज वाटते. आणि भाऊ, तिने चुकीचं ऐकलं असं मला म्हणवत नाही. बोललात ते स्वतःबद्दल, पण पुसलं गेलं ते तिचं काम. हेल्मेटचंही तसंच आहे. गल्लीत तुम्ही चेहरा झाकता तेव्हा तुमच्या हातात तिने बांधलेला डबा असतो.

'तुम्ही नका येऊ' हे तिने रागाने म्हटलं असं तुम्ही धरून चाललाय. मला त्यात तुमची सोय बघणं दिसतं. नवऱ्याला ज्याची लाज वाटते ते त्याच्याकडून करून घ्यायचं नाही, मग एका पोराचा पगार गेला तरी चालेल, असं तिने ठरवलं असावं. खरं काय ते तिलाच विचारा. पण ती तुम्हाला धंद्यातून हाकलतेय असं मनात धरून तिच्यासमोर जाऊ नका.

तुमच्या लाजेला मी खुळेपणा म्हणणार नाही. सातपूर आणि अंबडच्या कंपन्यांवर नाशिकमध्ये एक अख्खी पिढी उभी राहिली. 'मुलगा कंपनीत आहे, परमनंट आहे' एवढ्यावर सोयरिकी जुळल्या. तुमचीही बहुधा तशीच जुळली असेल. बँकेने घराला कर्ज दिलं ते त्याच पगाराच्या स्लिपवर. कोपऱ्यावर कंपनीच्या बसची वाट बघत युनिफॉर्ममध्ये उभं राहिलं की गल्लीत वेगळं काही सांगावं लागत नसे. खंडेनवमीला मशिन पुसून, तिला हार घालून, पेढ्यांचा पुडा घेऊन माणूस घरी यायचा तेव्हा त्या पेढ्यांत त्याचा मान असायचा. हा मान खोटा नव्हता. तुम्ही १९ वर्षं शिफ्टा करून तो कमावला होता आणि तो एका नोटिशीने गेला. प्लांट बंद करायचं ठरलं तेव्हा तुम्हाला कुणी विचारायला आलं नव्हतं. त्यात तुमचा काडीचाही दोष नाही.

त्याचं दुःख मात्र तुम्ही केलेलं दिसत नाही. हिशेब घेतला, वडिलांचं दुखणं काढलं, स्कूटरला डबे अडकवले आणि निघालात. रडायला, चिडायला, कुणापाशी 'माझं मशिन गेलं' म्हणायला फुरसतच मिळाली नाही. असं दुःख आतल्या आत राहिलं की पुढे लाज होऊन बाहेर येतं, हे या सदराच्या पत्रांत मला वारंवार दिसतं. रात्री दोनला जाग येते ती याचीच असेल, किंवा त्याहून जास्त काही असेल. रोज असं होत असेल, काही नकोसं वाटत असेल, तर १४४१६ या नंबरवर फोन करा. टेलि-मानस ही सरकारची मानसिक आरोग्याची मोफत हेल्पलाइन आहे, रात्रीही चालू असते आणि मराठीतून बोलता येतं. 'जीव नकोसा होतो' हे शब्द तुम्ही सहज लिहिले असतील. मी ते सहज वाचून पुढे जाणार नाही. फोन खरंच करा.

पाटीबद्दल मी सुरुवातीलाच ठामपणे सांगितलं, त्याचं कारण आता सांगते.

बाईच्या हातावर घर तगणं हे आपल्याकडे नवीन नाही. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईत गिरणी संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात होते आणि त्यातल्या हजारोंना ती नोकरी पुन्हा कधीच मिळाली नाही. लालबाग-परळच्या चाळींत पुढे जी घरं तगली, त्यातली कितीतरी बायकांच्या खानावळींवर, पापडांवर, शिवणावर, धुण्याभांड्यांवर तगली. खानावळवाल्या तर संपाच्या कितीतरी आधीपासून होत्या. कोकणातून, घाटावरून एकटे आलेले गिरणी कामगार त्यांच्याकडे जेवायचे. धंदा रोजचा, पण भांडवलाला सावकार. प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये या बायकांसाठी अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं, ते त्यांना बँकेचं कर्ज त्यांच्या स्वतःच्या नावावर मिळावं म्हणून. ज्या बाया वर्षानुवर्षं कामगारांच्या पंगती उठवत होत्या त्यांचा धंदा हा धंदा आहे, एवढं बँकेकडून मान्य करून घ्यायलाही संघटना बांधावी लागली.

अन्नाच्या धंद्यात आणखी एक गोष्ट फार घडते. बाई चुलीपाशी सुरुवात करते. जम बसतो, गाळा येतो, गल्ला येतो, आणि गल्ल्यावर नवरा, दीर नाहीतर मुलगा येऊन बसतो. बाई आत परातीपाशीच राहते आणि येणारी-जाणारी माणसं बाहेरच्याला 'शेठ' म्हणतात. तुमची पाटी हीच गोष्ट करेल. तुमच्या मनात वाईट नाही हे मला कळतं. पण अडीच वर्षं आजूबाजूला सगळ्यांना माहीत आहे की केंद्र कुणाचं. एके दिवशी पाटी लागते आणि मालक तुम्ही. लग्नात तुम्ही तिचं काम लपवलंत, इथे ते स्वतःच्या नावावर करून घ्याल. पहिलं ती मुकाट्याने सोसते आहे. दुसरं तिने सोसू नये असं मला वाटतं. आणि लोकांची तोंडं त्याने बंद होणार नाहीत ती नाहीतच. पाटी नवऱ्याची आणि भट्टी बायकोची, हे बोलायला त्यांना उलट एक विषय मिळेल.

लिज्जतचं उदाहरण मला अशा वेळी द्यावंसं वाटतं. १९५९ मध्ये गिरगावात सात जणींनी ८० रुपये उसने घेऊन पापड लाटायला सुरुवात केली. पुढे तो कारभार केवढा वाढला ते आपण बघतोच, पण सभासद बाईच असेल हा नियम त्यांनी सोडला नाही. पुरुष तिथे पगारावर काम करतात, हिशेब ठेवतात, गाड्या चालवतात. मालकी बहिणींची. ज्याचं काम त्याचं, आणि त्यात कुणाची मान खाली जायचं कारण नाही.

कायद्याचंही सांगून ठेवते. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याच्या १४व्या कलमाप्रमाणे हिंदू स्त्री तिच्या मालमत्तेची पूर्ण मालक असते, आणि स्वतःच्या कौशल्याने किंवा कष्टाने मिळवलेली मालमत्ताही त्यात स्पष्टपणे धरलेली आहे. पण कायदा भांडण झाल्यावर आठवतो. रोजच्या व्यवहारात कागद लागतात. म्हणून गाळ्याचा भाडेकरार कुणाच्या नावावर आहे ते बघा. छोट्या खाद्यधंद्याला लागणारी एफएसएसएआयची, म्हणजे सरकारच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाची, नोंदणी तिच्या नावाने करा, आधी तुमच्या नावाने केली असेल तर बदला. उद्यम, म्हणजे छोट्या उद्योगांची सरकारी नोंदणी, तीही तिच्या नावाने करून घ्या. ती सरकारी पोर्टलवर फुकट होते, पैसे मागणाऱ्या एजंटाच्या नादी लागू नका. उद्या मोठी भट्टी किंवा कणकेचं यंत्र घ्यायला कर्ज काढायचं ठरलं तर बँक आधी हेच कागद मागेल.

सगळ्यात आधी मात्र क्यूआर कोड बदला. गिऱ्हाईक पोळ्या घेतं तिच्याकडून आणि फोन वाजतो तुमच्या खिशात. तिच्या नावाचं खातं, त्याला तिच्याच नावाचा मोबाइल नंबर, आणि गाळ्यात त्या खात्याचा कोड. 'तिला फोनचं जमत नाही' हे कारण सांगू नका. ५२ जणांच्या आवडीनिवडी, कुणाला तिखट कमी, कुणाला गुरुवारी उपासाचं, हे जी डोक्यात ठेवते तिला हे दोन दिवसांत जमेल.

पेट्रोलचं वाचून मला वाईट वाटलं, आणि तुमच्याबद्दल आदरही वाटला. पैसे तुमच्या फोनवर येतात आणि तरी तुम्ही विचारल्याशिवाय दोनशे रुपये घेत नाही. तुमच्या जागी पुष्कळ जणांनी विचारलं नसतं. पण डबे पोचवायला लागणारं पेट्रोल तुमचा हातखर्च कसा? तो धंद्याचा खर्च आहे, गॅससारखा आणि कणकेसारखा. तो वहीत तिथेच लिहा, मागायचा प्रश्नच येणार नाही. बाकी, घरखर्च आणि मुलाची फी बाजूला काढल्यावर दोघांनीही महिन्याला आपापली ठरलेली रक्कम उचलायची, मग ती दोन हजार का असेना, आणि तिचा हिशेब एकमेकांना द्यायचा नाही. मी तिच्यासाठीही म्हणतेय. स्वतःच्या धंद्यातून स्वतःसाठी तिने आजवर काही उचललं असेल याची मला शंकाच आहे.

तुम्ही पत्रात 'मदत करतो' लिहिलंय. मदतनीस म्हणून उभं राहिलेल्या माणसाला पाय टेकायला जागा मिळत नाही, तो कायम कुणाच्या तरी सांगण्याची वाट बघतो. तुम्ही १९ वर्षं एका मशिनचे जबाबदार होतात. इथेही एक भाग पूर्ण तुमच्याकडे घ्या. डब्यांचे खाडे आदल्या रात्री किती वाजेपर्यंत सांगायचे, उधारी कुणाची किती थकली, कुठल्या क्रमाने गेलं तर डबे गरम पोचतात, भाजी बाजार समितीतून आणायची की कोपऱ्यावरून, हे सगळं तुमचं. उंडा ३५ ग्रॅमचा तुटतोय की ४२ चा, एक १९ किलोचा सिलिंडर किती पोळ्यांना पुरतो, हे मोजून बघायचं तुमच्याइतकं दुसऱ्या कुणाला सुचणार? हजारातल्या हिश्शाची मापं घेण्यात तुमची इतकी वर्षं गेली आहेत. मात्र चव, रोजची भाजी, कामावरच्या बायका आणि त्यांचा पगार यात शब्द तिचा. त्या दोघींसमोर तिला खोडून काढू नका. तुम्हाला पटलं नाही तर रात्री वर गेल्यावर बोला.

वरच्या घराबद्दल पत्रात एक ओळही नाही. भट्टी विझवून ती जिना चढते तेव्हा रात्रीचं जेवण कोण करतं, भांडी कोण घासतं, आईंचं कोण बघतं? २०२४ च्या सरकारी वेळ-वापर सर्वेक्षणात घरकाम करणाऱ्या बायकांचा त्यातला रोजचा वेळ सरासरी २८९ मिनिटं निघाला आणि पुरुषांचा ८८. तुमच्या घरात ती २८९ मिनिटं साडेचारला पेटलेल्या भट्टीच्या वर आणखी भरायची असतील, तर आजपासून रात्रीची भांडी तुमची. कुकरही तुम्ही लावा.

'घर मी चालवते' हे तिचं वाक्य तुम्हाला टोचतंय. ते खरं आहे हे तुम्हालाही माहीत आहे, म्हणूनच टोचतंय. पण खरं असलं तरी भांडणात, आणि मुलाच्या कानावर जाईल असं, ते म्हणायला नको होतं. हे तुम्ही तिला सांगू शकता. फक्त आधी तुमच्या बाजूचं लग्नातलं निस्तरल्यावर. आधी तुम्ही तक्रार केलीत तर ती म्हणेल, मी एकदा बोलले आणि तुम्ही रोज हेल्मेट घालून फिरता.

निस्तरायचं कसं? साडी घेऊन जाऊ नका. केंद्र बंद झाल्यावर, आई आणि मुलगा समोर नसताना, तिला साध्या शब्दांत सांगा: 'लग्नात मी जे बोललो त्याने तुझं काम मी लपवलं. मला माझी लाज वाटत होती, तुझी नाही. पण लागलं तुला.' एवढंच. लगेच 'माझंही समजून घे' जोडू नका. ती कदाचित गप्प बसेल, कदाचित बरंच काही बोलेल. बोलली तर ऐका, मध्ये दुरुस्त्या करू नका.

आणि चारचौघांत झालेलं एकांतात पुरतं मिटत नाही. ज्याने लग्नात विचारलं त्याला, नाहीतर साडूंना, तिच्यादेखत फोन लावा. 'त्या दिवशी कन्सल्टिंग म्हणालो ते खरं नव्हतं. कंपनी बंद झाली. हिचं पोळीभाजी केंद्र आहे, मी तिच्याबरोबर डबे आणि हिशेब बघतो.' पहिल्यांदा घसा कोरडा पडेल. साडू दोन दिवस काही बोलतीलही, बोलू देत. पुढच्या लग्नात कुणी विचारलं तर हेच वाक्य तयार असू दे, आणि ती शेजारी असली तर जरा मोठ्याने म्हणा.

आईंशी वाद घालू नका. त्यांच्या काळात मुलाचा मान कशात होता ते त्या बोलतात. फक्त 'बायकोच्या हाताखाली' हे तुमच्यासमोर पुन्हा निघालं तर गप्प बसू नका. 'आई, आपल्या सगळ्यांचं जेवण त्या हातांचं आहे' एवढं म्हणा आणि विषय सोडा.

मुलाबद्दल मात्र घाई करा. त्या फॉर्मवर त्याने जे लिहिलं ते तुमच्याकडून शिकून लिहिलं. तुम्ही बघून गप्प बसलात, म्हणजे त्याला वाटणार, बाबांनाही हेच हवं आहे. त्याला रागवू नका. बसवून कंपनी कशी बंद झाली ते सांगा, एकदा नीट सगळं, त्या शेवटच्या दिवसासकट. सोळा-सतरा वर्षांच्या मुलाला ते कळतं. मग म्हणा, पुढच्या फॉर्मवर आईच्या व्यवसायाच्या रकान्यात पोळीभाजी केंद्र लिही, माझ्याही तेच लिही. आईच्या रकान्यात त्याने काय लिहिलं होतं ते तुम्ही पाहिलंत का? पत्रात त्याचा उल्लेख नाही. बघा एकदा.

पाटीवर काय घालायचं ते तिला विचारा. नाव तिचं असावं असं मला वाटतं, पण तिला देवाचं, सासूबाईंचं, नाहीतर कुणाचंच नको असेल. आधी पाटीपेक्षा दुसरी भट्टी घेऊ म्हणाली तर तेही ऐका.

शेवटचं, तुमच्या मशिनचं. तुम्ही आता जन्मभर डबेच पोचवा असं मी म्हणत नाही. अंबडला, सिन्नरला छोटी वर्कशॉप्स आहेत, व्हीएमसीवर जॉब सेट करून देणारा अनुभवी माणूस त्यांना लागतो, कधी अर्ध्या दिवसासाठी, कधी एखाद्या ऑर्डरपुरता. त्या कामाची ओढ असेल तर जरूर विचारून बघा, पगार कमी असला तरी. ती नोकरी आणि ही सिक्युरिटीची नोकरी यात मला मोठा फरक दिसतो. तिथे तुम्ही आवडीच्या कामाकडे जाल, इथे एका कामापासून तोंड लपवायला जाताय. फक्त बोलावणं आलं तर लगेच उद्या रुजू होऊ नका. ज्या पोराला डब्यांसाठी ठेवाल त्याला आधी महिनाभर तुमच्या मागे बसवून फिरवा, पत्ते आणि खाडे त्याच्या डोक्यात बसू देत, उधारीची वही तिच्या ताब्यात द्या, आणि मग जा.